तो घाट कुठला गं?

मागच्या डिसेंबरात आमच्या डॉक्युमेंटरीचा रफ कट, म्हणजे कच्ची जोडणी, इंदूरातल्या एका छोट्याशा हॉलमध्ये दाखवला. तीस-पस्तीस माणसं होती, बहुतेक ओळखीची, म्हणजे आईच्या भिशीतल्या बायका, माझ्या शाळेतल्या दोन मैत्रिणी, साऊंडवाल्या मित्राचं घर, आणि मंडळातली नेहमीची माणसं जी कुठल्याही कार्यक्रमाला पहिल्या रांगेत येऊन बसतात आणि शेवटपर्यंत उठत नाहीत. बावन्न मिनिटांची फिल्म, महेश्वरवर. कलर झालेलं नव्हतं, दोन ठिकाणी आवाज कमीजास्त होता, तरी लोकांनी मन लावून बघितली. नंतर चहा आणि पोहे होते, मी हातात प्लेट घेऊन उभी होते आणि एक काकू गर्दीतून वाट काढत आल्या, माझा मोकळा हात दोन्ही हातांत धरला आणि काही वेळ काही बोलल्याच नाहीत. डोळे भरलेले. मग म्हणाल्या, तो पहाटेचा भाग गं, अंधारच अंधार आणि नुसते आवाज, बायकांचे, पाण्याचे, बांगड्यांचे, मला माझी आई दिसली त्यात. आणि मग, अगदी मायेनं, "तो घाट कुठला गं?"

मी सांगितलं. कुठला घाट, किती वाजता, मोठ्या रस्त्यावरून कुठे वळायचं, सगळं.

कौतुकानं माणूस किती सैल होतो हे मला तेव्हा कळलं नाही. त्या क्षणी मला फक्त एवढंच वाटलं की इतक्या दिवसांच्या कामातलं काहीतरी एका माणसापर्यंत नीट पोचलं, आणि ज्या बाईला आपली आई आठवली तिला त्या जागेचं नाव सांगायचं नाही असं कसं करायचं. काकूंनी पर्समधून छोटी डायरी काढून लिहूनही घेतलं. मी स्पेलिंग सांगावं तसं वळण सांगितलं, आधी उजवीकडे, मग पिंपळापाशी खाली.

महेश्वर म्हणजे आम्हा इंदूरच्या मराठी लोकांचं अर्धं माहेरच. सरवटे बसस्टँडवरून बस, महू, मानपूर, घाट उतरला की एकदम गरम हवा तोंडावर येते, निमाड लागला हे डोळे मिटूनही कळतं, मग धामनोद आणि तिथून थोडं आत. सगळं मिळून ९० किलोमीटर. आजी वर्षातून दोनदा तरी न्यायची आणि दर वेळी घाटावर पाय ठेवला की पहिल्यांदा वाकून पायरीला हात लावायची, मग पाण्याला, मग "नर्मदे हर". तिच्यासाठी अहिल्याबाई इतिहासातल्या नव्हत्याच, त्या घरातल्याच कुणी वडीलधाऱ्या असल्यासारखं ती बोलायची, "बाईंनी हे बांधलं, बाईंनी ते केलं", आणि वर किल्ल्यातल्या राजवाड्यात बाईंची ती साधी गादी दिसली की मला कोपरानं ढोसून म्हणायची, बघ, एवढ्याशा जागेवर बसून राज्य केलं. मला मात्र लक्षात राहिलंय ते आजीचं नहाणं. नऊवारीतली ती जाडजूड बाई पाण्यात उतरायची आणि बाहेर येऊन ओल्या लुगड्यावरच कोरडं लुगडं असं गुंडाळायची की ओलं खालून सुळकन गळून पायाशी पडायचं आणि कुणाला टाचेच्या वर काही दिसायचं नाही. घाटावर शंभर बायका हे करत असायच्या. बाप्ये तिकडे, बाया इकडे, कुणी रेघ आखलेली नव्हती पण होती. मी टक लावून बघत बसले की आजी ओरडायची, "इकडं काय बघून राहिलीस, डोळे मीट नि डुबकी मार." ओल्या दगडाचा तो वास, शेवाळ, उदबत्ती आणि कुणीतरी फोडलेल्या नारळाचं पाणी यांचा मिळून, अजून कधी जुन्या घराच्या मोरीत आला की मी थांबते.

फिल्म सुरू झाली ती याच घाटावर, आणि तशी रागातूनच. ऑक्टोबर २०२२ मध्ये उज्जैनला महाकाल लोक उघडलं, पुढच्या सप्टेंबरात ओंकारेश्वरला आदि शंकराचार्यांचा १०८ फुटी पुतळा उभा राहिला, आणि विमानतळ आमच्या इंदूरात, त्यामुळे दोन-तीन दिवसांचं पॅकेज आपोआप तयार झालं. उज्जैन, ओंकारेश्वर, आणि वाटेत महेश्वर. हा 'वाटेत' शब्द मी टेम्पो ट्रॅव्हलरवाल्यांच्या तोंडून इतक्यांदा ऐकलाय. वाटेत म्हणजे दोन तास. दोन तासांत किल्ला, घाट, बोटीतून मधल्या बाणेश्वरापर्यंत एक चक्कर, एक साडी, आणि जेवण. मग २०२५ साली बाईंच्या जन्माला ३०० वर्षं झाली, त्या वर्षात तर पाय ठेवायला जागा नाही असे दिवस बघितले. शनिवार-रविवारी घाटाच्या पायऱ्यांवर प्री-वेडिंगची जोडपी रांगेत उभी असतात, अक्षरशः रांगेत, एका जोडीचा फोटोसाठीचा धूर संपला की दुसरीचा, वर ड्रोन भुणभुणतोय, खाली मोटरबोटींचा फटफटाट, आणि या सगळ्यात कोपऱ्यात एखादी म्हातारी पाण्यात तांब्या बुडवून सूर्याला अर्घ्य देतेय आणि तिच्यासमोर चार मोबाइल. चांगला फोटो येतो ना. मीही काढलेत तसे फोटो, आधीच्या वर्षांत, आणि पोस्टही केलेत.

तर मला वाटायचं की हे कुणीतरी मांडलं पाहिजे, आणि आपण इथलेच, आपणच मांडलं पाहिजे.

डॉक्युमेंटरी करणाऱ्यांमध्ये या विषयावरच्या फिल्म्स हा एक प्रकारच झालाय आता, परदेशात तर खूपच. तिकडे लोक उघड बोलतात. जुलै २०२४ मध्ये बार्सिलोनात लोकांनी हॉटेलाबाहेर बसलेल्या टुरिस्टांवर पाण्याच्या पिचकाऱ्या मारल्या, तिथल्या महापौरांनी त्याच्या आधीच जाहीर केलं होतं की टुरिस्टांना दिले जाणारे दहा हजारांवर फ्लॅट २०२८ पर्यंत बंद करणार. वेनिसनं त्याच वर्षी दिवसभरासाठी येणाऱ्यांना ५ युरोचं तिकीट लावलं. त्या सगळ्या क्लिप्स बघून मी महेश्वरला गेले आणि वाट बघत बसले की इथेही कुणीतरी कॅमेऱ्यासमोर तसं तडतडून बोलेल. नाही बोललं. पहिले सहा महिने मी जेवढे इंटरव्ह्यू केले त्यात सगळ्यांनी मला अतिथी देवो भव सांगितलं. नाववाल्यानं, हारवाल्यानं, लॉजवाल्यानं. मी वैतागले, मला वाटलं घाबरतात. खूप उशिरा लक्षात आलं की बार्सिलोनातला भाडेकरू वेगळा आणि घरमालक वेगळा, एकाचं जातं तेव्हा दुसऱ्याचं येतं, म्हणून ज्याचं जातं तो रस्त्यावर उतरू शकतो. इथे जातं आणि येतं ते एकाच घरात. एकाच ताटात. ज्या माणसाची दुपारची झोप मोटरबोटीनं गेली त्याचाच मुलगा ती मोटरबोट चालवतो. तो पिचकारी कुणावर मारणार?

ज्या घरात आमचं सगळ्यात जास्त शूटिंग झालं त्या घरातल्या बाईंना मी काकी म्हणायचे. नाव लिहीत नाही, का ते पुढे कळेलच. पुढच्या खोलीत माग, मागच्या बाजूला चूल आणि गॅस, वर दोन खोल्या पत्र्याच्या होत्या त्या पक्क्या करून टुरिस्टांना भाड्यानं देतात, संडास आत घेतलाय, गिझर लावलाय. मुलगा दुसऱ्याच्या बोटीवर, धाकटी खरगोनला नर्सिंगला, तिची फी त्या वरच्या खोल्यांतून जाते हे काकी अभिमानानं सांगायच्या. आणि का नाही सांगणार, पूर्वी साडी विणून व्यापाऱ्याच्या दारात जाऊन उभं राहायला लागायचं, आता गिऱ्हाईक स्वतः चपला काढून मागापाशी येऊन बसतं. रेशमाचा ताणा म्हणजे उभे धागे, सुती बाणा म्हणजे आडवे, दोन्ही बाजूंनी सारखा दिसणारा काठ, ती किल्ल्याच्या भिंतीवरची चटई, वीट, हिरा, ही सगळी नक्षी काठावर कशी उतरते, हे त्या दिवसातून सहा वेळा सांगतात, त्याच वाक्यांत, त्याच जागी थांबून. मग भाव सुरू होतो. डेनिस ओ'रूर्क नावाच्या ऑस्ट्रेलियन दिग्दर्शकाची १९८८ची 'कॅनिबल टूर्स' मी कॉलेजात असताना एका फिल्म सोसायटीत बघितली होती, पापुआ न्यू गिनीतल्या सेपिक नदीवर क्रूझनं फिरणारे युरोपियन आणि अमेरिकन टुरिस्ट, काठावरच्या गावात उतरून लाकडी मुखवट्यांचा भाव पाडतात, आणि गावकऱ्यांना हेच कळत नाही की ज्यांच्याकडे एवढे पैसे आहेत ते पहिला भाव का देत नाहीत. काकींच्या ओसरीवर बसून ती फिल्म मला दर रविवारी आठवायची. फक्त इथे भाव पाडणारे परदेशी नव्हते. माझ्यासारखीच माणसं होती, कित्येकदा मराठीच, "अहो आम्ही पण इंदूरचेच, होळकरांचे, थोडं बघा ना काहीतरी."

आता धोट्याचं सांगते, मागावर आडवा धागा घेऊन इकडून तिकडे पळतो त्याचं.

पहिल्या दिवशी आम्ही मागाचं भरपूर शूट केलं. काकी दोरी ओढायच्या, धोटा इकडून तिकडे, पाय पावडीवर, फणी धप्पकन पुढे, परत धोटा. खिडकीतून तिरपं ऊन, ताण्याचे तलम धागे चमकतायत, धूळ दिसतेय हवेत, मी खूश. वीस मिनिटं एकसलग घेतलं. दुसऱ्या-तिसऱ्या वेळी परत घेतलं, असू दे म्हणून. घरी येऊन एडिटला बसलो तेव्हा साऊंडवाल्या मित्रानं हेडफोन काढले आणि म्हणाला, हे दोन दिवसांचे आवाज जुळत नाहीयेत, पहिल्या दिवशीचा धोटा जास्त खणखणीत वाजतोय, पोकळ. आम्हाला वाटलं माइकची जागा बदलली असेल. मग मी चित्र बघितलं. पहिल्या दिवशीची वीस मिनिटं सुरुवातीपासून शेवटपर्यंत पळवून बघितली आणि माझ्या पोटात काहीतरी झालं. कापड एक धागासुद्धा पुढे सरकलेलं नव्हतं. तिथेच होतं. वीस मिनिटं माग चालला आणि एक दोराही विणला गेला नाही.

पुढच्या खेपेला विचारलं तर काकी हसल्या. टुरिस्ट आले की रिकामा धोटा चालवतात, आतली कांडी, म्हणजे धाग्याची गुंडाळी, संपलेला एक मुद्दाम बाजूला ठेवलेला आहे त्यासाठी. कारण गप्पा मारत, हसत, फोटोकडे बघत विणलं की हाताचा जोर कमीजास्त होतो, कापडावर पट्टी उठते, मग ती साडी व्यापारी परत पाठवतो. आणि लोकांना काय, धोटा पळताना दिसला की झालं. "आपको पहले दिन थोड़ी पता था मैं कौन हूँ," असं म्हणायचं होतं मला, पण खरं तर त्यांनाच माहीत नव्हतं मी कोण आहे. दुसऱ्या खेपेपासून त्या शूटिंगच्या आधी विचारायच्या, "भरा चलाऊँ कि खाली?" आणि मग एक दिवस विचारायचं बंद केलं. भराच चालवायला लागल्या. मी कॅमेरा लावायचे आणि त्या आपलं विणत राहायच्या, अर्धा अर्धा तास बोलायच्याही नाहीत, तो आवाज मऊ, दमदार, कापडात जिरणारा. मला वाटतं त्या दिवसापासून आमची फिल्म सुरू झाली.

पहाटेचं त्यांनी सांगितलं तेही असंच. रूम टोन घेत होतो. रूम टोन म्हणजे शूटिंग झालं की त्या जागेची नुसती शांतता अर्धा-एक मिनिट रेकॉर्ड करून ठेवायची, कुणी हलायचं नाही, बोलायचं नाही, एडिटमध्ये दोन वाक्यांच्या मधल्या फटी भरायला ती लागते. मी सगळ्यांना चूप बसवलं. दहा सेकंद, पंधरा सेकंद, दूर कुठेतरी बोट, घरात घड्याळ. काकींना राहवेना. "चुप का क्या करोगे?" म्हणाल्या. आम्ही हसलो, परत सुरू केलं. परत वीसाव्या सेकंदाला त्याच बोलल्या, पण या वेळी आवाज वेगळा होता, खाली बघून, हातातल्या कांडीचा धागा सोडवत. की लग्न होऊन आले तेव्हापासून रोज घाटावर नहायचे. आता नाही जात. तिथे कुणी ना कुणी मोबाइल धरून उभं असतं. एकदा मुलानंच दाखवलं, कुणाच्या तरी रीलमध्ये मागे मी होते, ओल्या कपड्यात. मुलगा काही बोलला नाही, फोन खिशात ठेवला आणि बाहेर गेला. त्या दिवसापासून. मग कितीतरी दिवस घरातच, बादलीतल्या पाण्यात दोन थेंब नर्मदेचे टाकून. आणि मग गल्लीतल्या पाच-सात जणींनी मिळून एक जागा शोधली, एक वेळ ठरवली, जेव्हा बोटवालेही उठलेले नसतात. "वहाँ अब भी मैया हमारी है," असं म्हणाल्या.

रेकॉर्डर चालूच होता. नंतर मी त्यांना विचारलं की मी येऊ का तुमच्याबरोबर. कॅमेरा नाही आणणार, नुसता माइक. त्यांनी दोन दिवस उत्तर दिलं नाही. तिसऱ्या दिवशी म्हणाल्या, ये. मी गेले. साऊंडवाल्या मित्रालाही नेलं नाही, एकटीच गेले, लांब पायरीवर पाठ करून बसले, माइक पाण्याकडे. काहीही दिसत नव्हतं आणि मला बघायचंही नव्हतं. एक एक करून बायका उतरल्या. पहिल्यांदा पाण्याच्या गारठ्यानं आत ओढलेला तो श्वास, मग डुबकी, मग कुणीतरी हळू आवाजात म्हणायला लागली, निमाडीत, बाकीच्यांनी मागे धरलं. बांगड्या. ओलं लुगडं दगडावर गळून पडल्याचा तो थप्प आवाज, जो मी चाळीस वर्षं ऐकला नव्हता. आजी गेली तेव्हा मी रडले नव्हते, धावपळीत राहूनच गेलं. तिथे त्या अंधारात हेडफोन लावून रडले, आणि रेकॉर्डिंगमध्ये माझं नाक ओढणं आलंय एका जागी, ते नंतर काढायला लागलं.

फिल्ममध्ये तो भाग चार मिनिटांचा होता. काळा पडदा आणि आवाज. जागेचं नाव नाही, वेळ नाही. एवढी काळजी मी घेतली होती.

आणि मग पोह्यांची प्लेट हातात धरून मी सगळं सांगितलं.

नर्मदा जयंतीच्या आधीच्या रविवारी काकू आणि त्यांचा ग्रुप गेला. त्यातल्या काही जणी बसनं परिक्रमा करून आलेल्या, नर्मदेवर जीव असलेल्या बायका, हे मला मुद्दाम सांगायचंय, कारण मला त्यांच्यावर रागच धरता येत नाही. त्यांनी काही वाईट केलं नाही. पहाटे उठल्या, थंडीत कुडकुडत गेल्या, त्या बायकांबरोबर पाण्यात उतरल्या, हात जोडले. आणि निघताना कुणीतरी दोन फोटो काढले, पाठमोरे, अंधुक, आदरानं. मला ते आईच्या ग्रुपवरून आले. खाली लिहिलेलं होतं, खरी नर्मदा बघायची असेल तर इथे जा, गर्दी नाही, आणि लोकेशन. आई कौतुकानं म्हणाली, बघ गं तुझ्या फिल्मचा परिणाम.

चार दिवसांनी काकींचा फोन. त्या कधी स्वतःहून फोन करत नाहीत, मिस्ड कॉल देतात. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. नुसतं विचारलं, "किसी को बताया था क्या?" मी खोटं बोलले नाही एवढंच. हो म्हटलं. त्यांचा श्वास ऐकू आला. मग म्हणाल्या की या रविवारी दोन गाड्या आल्या होत्या, त्यात बाप्येही होते. मग म्हणाल्या की तो आवाज पिक्चरमधून काढून टाक. मी म्हटलं काकी, त्यात जागेचं नाव नाहीये, मी कुठेच दाखवलेलं नाही. त्यांनी ऐकून घेतलं. "जो यहाँ का है वो पहचान लेगा, और जो नहीं है वो पूछ लेगा. जैसे तुमसे पूछा."

यानंतरचे दोन आठवडे कसे गेले ते सांगायला मला बरं वाटत नाही पण सांगते. मी तो भाग लगेच काढला नाही. ज्यांनी थोडेफार पैसे घातलेत त्यांचं म्हणणं पडलं की फिल्मचा जीव तिथेच आहे, आणि ते खरंच होतं, आणि सहमतीपत्रावर सही आहे, तेही खरं होतं. ते पत्र मी काढून वाचलं. एका पानाचं, हिंदीत, सर्व माध्यमांत, जगभरात, कायमस्वरूपी. खाली काकींची सही, हळूहळू काढलेली, शेवटचं अक्षर कागदाच्या कडेला दाटीवाटीनं. सही करताना त्यांनी विचारलं होतं यात काय लिहिलंय. मी म्हणाले होते, काही नाही काकी, परमिशन आहे फक्त. हे वाक्य आम्ही सगळेच म्हणतो, मी वीस वर्षांत किती जणांना म्हटलं असेन. आणि खरं तर त्यांनी परमिशन दिली ती कागदावर नाहीच दिली, दोन दिवस विचार करून तिसऱ्या दिवशी 'ये' म्हणाल्या तेव्हा दिली, मला, एकटीला, पाठ करून बसायला. बावन्न मिनिटांच्या फिल्मला ती कुणी दिलीच नव्हती. मी ती घेतली आणि ताणून सगळ्यांना पुरवली. रात्री-रात्री टाइमलाइनवर तो चार मिनिटांचा तुकडा सिलेक्ट करून बसायचे, डिलीटवर बोट, आणि एकदा अजून ऐकू दे म्हणून परत प्ले करायचे. किती सुंदर आहे तो. अजूनही वाटतं, आणि ते वाटणं मला आवडत नाही.

मित्रानं एक मार्ग काढला होता, की आवाज ठेवू, दुसऱ्या कुठल्या तरी घाटाचं चित्र खाली लावू, म्हणजे लोक तिकडे जातील. मी त्याच्यावर इतकी चिडले की तो दोन दिवस आला नाही. दुसऱ्या कुठल्या घाटावर कोणाच्या काकी नहात असतील याचा विचार मी पहिल्यांदाच करत होते बहुधा.

काढला शेवटी. फाइलसुद्धा काढली, बॅकअपमधूनही. फिल्म आता अठ्ठेचाळीस मिनिटांची आहे आणि मधे एक जागा अशी येते जिथे बघणाऱ्याला वाटतं की इथे काहीतरी यायला हवं होतं, मग पुढचा सीन येतो. ज्यांनी आधीचा कट बघितला होता ते म्हणतात, अरे, तो भाग का काढला? वेळ, जागा, मी इथेही लिहिलेली नाही, आणि पिंपळाचं वळण वर लिहिलंय तेही बदलून लिहिलंय.

फेब्रुवारीच्या शेवटी महेश्वरला गेले. फोन करून सांगता आलं असतं की काढलं म्हणून, पण ते तोंडावर सांगायचं होतं. कॅमेऱ्याची बॅग सवयीनं खांद्यावर होती, उघडायची नव्हती. काकींनी दार उघडलं आणि "आइए मैडम" म्हणाल्या. इतक्या दिवसांत त्यांनी मला कधी मॅडम म्हटलं नव्हतं. पहिल्यांदा बेटी म्हणायच्या, नंतर तर नुसतं "काई रे" असं दारातूनच ओरडायच्या. आत बसवलं, खुर्चीवर, मी नेहमी मागाशेजारच्या पोत्यावर बसते. चहा आला तो कपबशीत, ट्रेमध्ये, वरच्या खोल्यांतल्या पाहुण्यांना येतो तसा, बिस्किटं ओळीनं लावलेली. मी सांगितलं की काढलं सगळं, आता कुणाला कधीच ऐकू येणार नाही. "अच्छा," म्हणाल्या. "ठीक किया." मी विचारलं की तुम्ही आता कुठे. वाक्य पुरं करायच्या आधीच माझी मीच थांबले. त्यांनी ऐकलं नाही असं केलं आणि बिस्किटांची बशी पुढे सरकवली.

मुलीची फी भरली का, साडीचा भाव काय चाललाय, उन्हाळा यंदा लवकर आला, असं काय काय बोलत राहिलो. मग त्यांची नजर माझ्या बॅगेवर गेली. "कुछ लेना बाकी था क्या शूटिंग में?" मी नको म्हणेपर्यंत त्या उठल्याही होत्या. हात पदराला पुसले, मागावर बसल्या, पाय पावडीवर ठेवला, पदर डोक्यावरून नीट घेतला, आणि दोरी ओढली. खिडकीतून तेच तिरपं ऊन येत होतं. पहिल्या फेकीलाच मला कळलं, कापडाकडे बघायची गरजच पडली नाही. खणखणीत, पोकळ. इकडून तिकडे, तिकडून इकडे. त्या माझ्याकडे बघून हसत होत्या, ते छान हसणं, जे सगळ्यांच्या फोटोत येतं. मी कप हातात धरून बसले होते, चहावर साय जमत होती. दोन-तीन मिनिटं त्यांनी चालवलं. मग थांबल्या आणि विचारलं,

"हो गया?"

मी हो म्हटलं.